'ऑल क्वाएट ऑन द वेस्टर्न फ्रंट' पहिल्यांदाच वाचतोयस? आधी बूट बघ

सिम्बॉलिझमचं एवढं टेन्शन घेऊ नकोस रे. नवीन वाचणाऱ्यांची कॉमन चूक म्हणजे पहिल्या पानापासून पेन्सिल घेऊन चिन्हं शोधत बसायचं, माती म्हणजे आई, फुलपाखरू म्हणजे आत्मा वगैरे वगैरे. मीपण तेच केलं होतं, समास भरले आणि गोष्ट हातातून निसटली.

जर्मन लेखक रेमार्कच्या या पहिल्या महायुद्धावरच्या कादंबरीत (1929) सुरुवातीला एवढंच कर:

- बूट फॉलो कर. केमरिक नावाच्या तरुण सैनिकाचे मऊ पिवळे बूट. त्याचा पाय कापलाय, तो पलंगावर मरतोय, आणि त्याचा सोबती म्युलरचा जीव त्या बुटांत अडकलाय! लगेच म्युलरला नालायक ठरवू नकोस, ही दुसरी कॉमन चूक, कारण तिथे चांगले बूट मिळणं म्हणजे लॉटरीच. पुढे म्युलरही जातो आणि बूट पॉलकडे, म्हणजे गोष्ट सांगणाऱ्याकडे, येतात. लेखक यावर लेक्चर देत नाही, तूही स्वतःला देऊ नकोस.

- आयरनी, म्हणजे बोचरी विसंगती, हसण्याच्या जागी सापडेल. सुरुवातीलाच पोरं खूश, डबल जेवण मिळणार म्हणून. का, तर स्वयंपाक 150 जणांचा झालेला आणि फ्रंटवरून परत आले 80.

शेवटचं पान सावकाश वाच, तिथे 'मी' म्हणणारा आवाज अचानक बदलतो, मग शीर्षक परत एकदा बघ. 1930 चा सिनेमा नंतर, शेवट वेगळा आहे. नाझींनी हे पुस्तक का जाळलं तेही नंतर बोलू, आधी वाचून तर हो.