युद्ध, जात, दंगली अशा विषयांवर माहितीपट करून आनंद पटवर्धनांसारखं करिअर करता येईल का? पोट भरतं का?

पोट भरत नाही. एवढंच हवं असेल तर पुढचं वाचू नका.

‘करिअर’ शब्दानेच माझं डोकं फिरलं. 1974 मध्ये बिहारात जयप्रकाश नारायणांचं आंदोलन चित्रित केलं आणि फिल्म तयार होते तोवर देशात आणीबाणी लागली, इथून त्या माणसाची सुरुवात आहे. पोखरणच्या 1998 च्या अणुस्फोटांनंतर ‘जंग और अमन’साठी ते भारत, पाकिस्तान, जपान, अमेरिका फिरले. 2002 मध्ये फिल्म झाली तर सेन्सॉरने 21 कट सांगितले. 2003 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एकही कट न लावता ती सोडवली. आयुष्याची निम्मी वर्षं कोर्टाच्या तारखांत घालवायची तयारी असेल तर म्हणा करिअर.

मी हे का लिहितोय ते सांगतो. मी साउंडवाला. 2004 मध्ये कारगिलला पाच वर्षं झाली म्हणून एका मित्राने शहीद जवानाच्या पत्नीवर फिल्म काढली. सातारा जिल्ह्यातलं गाव, मिनी डीव्ही कॅमेरा, आम्ही तिघं. वहिनी दीड तास बोलल्या, मधे एकदा रडल्या. नेमका तेव्हा कॅमेरावाला टेप बदलत होता. मित्र म्हणाला, “जरा थांबू, चहा घेऊ, मग परत तिथूनच घेऊ.”

चहा ठेवायला त्या आत गेल्या. कॉलरचा माईक काढायचा राहिला होता. हेडफोन माझ्या कानात. जावेला म्हणाल्या, “कवा जायाची गं ही लोकं? म्हशीचं पाणी राहिलंय. आता परत रडाया लावत्यात बघ.”

मी माईकची बॅटरी काढून खिशात टाकली आणि बाहेर येऊन सांगितलं, संपली, दुसरी नाही. दुसरी होती.

गाडीत भांडण झालं. मी खरं सांगून टाकलं. म्हटलं, ते वाक्य रेकॉर्ड झालंय, तेच फिल्ममध्ये घे, सगळी फिल्म त्यात आहे. तो म्हणाला, शहिदाच्या बायकोच्या तोंडी म्हैस? लोक जोड्याने मारतील. शेवटी तिरंगा, तुतारी आणि एक भावगीत लावून अकरा मिनिटांची फिल्म झाली. बक्षीसही मिळालं. अजून भेटला की म्हणतो, तुझ्यामुळे माझा सीन गेला.

त्याला आणि तुम्हाला, दोघांनाही सांगतो: ‘हमारा शहर’ बघा. 1985 ची, मुंबईच्या झोपडपट्ट्या पाडण्यावरची. त्यात एक बाई पटवर्धनांनाच फैलावर घेते, की आमचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आम्हाला काय मिळणार? तो शॉट त्यांनी ठेवला. कापला असता तर कुणाला कळलं असतं? त्याच फिल्ममध्ये गाणारे शाहीर विलास घोगरे. 1997 मध्ये घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगर या दलित वस्तीत पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं गेली आणि त्यानंतर काही दिवसांत घोगऱ्यांनी आत्महत्या केली. तिथून ‘जय भीम कॉम्रेड’ सुरू झाली, ती पुरी व्हायला चौदा वर्षं लागली. सव्वातीन तासांची फिल्म, आणि वस्त्यांमध्ये पडदे लावून दाखवली. आमच्या बहाद्दराने त्या गावात सीडीसुद्धा पाठवली नाही.

आता थोडं माझ्याविरुद्ध. चौदा वर्षं थांबणं प्रत्येकाला परवडत नाही; मलाही परवडलं नाही, मी पुढे लग्नाची शूटिंगं केली. पटवर्धन एकच बाजू दाखवतात ही तक्रार अगदीच खोटी नाही, फक्त ते ती लपवत नाहीत. आणि वहिनींचं ते वाक्य त्यांना न विचारता वापरलं असतं तर तीही चोरीच झाली असती. हे मला त्या दिवशी गाडीत सुचलं नाही, बऱ्याच वर्षांनी सुचलं.

तुमच्या प्रश्नाचं राहिलंच. दुसरी नोकरी धरा, कॅमेरा आणि एडिटिंग स्वतः शिका, पटवर्धनही बरंचसं स्वतःच करतात. आवाजासाठी मात्र माणूस घ्या आणि त्याचे पैसे आधी द्या. माझे त्या फिल्मचे अडीच हजार अजून यायचेत.