चीनचे मूकपट पाहायचे तर सुरुवात कुठून करावी?

तुम्ही विचारलंय की १९३०च्या दशकातले शांघायचे सामाजिक मूकपट आज बघवतात का, की तो नुसता प्रचार आहे. वू योंगगांग यांचा 'शन्न्यू' (१९३४) बघा आणि मग ठरवा. ल्येनह्वा कंपनीचा हा चित्रपट. वू आधी नेपथ्यकार होते, दिग्दर्शक म्हणून हे त्यांचं पहिलंच काम. 'शन्न्यू' म्हणजे देवी, आणि वेश्येसाठी आडून वापरला जाणारा शब्दही तोच.

रात्री रस्त्यावर उभी राहून तान्ह्या मुलाला वाढवणारी एक आई, एवढीच गोष्ट. तिला नाव नाही. पोलिसांपासून पळताना ती एका जुगारी गुंडाच्या खोलीत शिरते आणि त्याच्या कचाट्यात सापडते. एका दृश्यात कॅमेरा त्या गुंडाच्या फाकलेल्या पायांमधून मायलेकरांकडे बघतो. तिची कोंडी सांगायला मग पाटीवरच्या (मूकपटात मधे मधे पडद्यावर येणाऱ्या लिखित मजकुराच्या) ओळीची गरजच उरत नाही. मुलाच्या शाळेसाठी पैसे ती भिंतीतल्या फटीत लपवते, ते बघताना माझा जीव गोळा होतो.

प्रचार म्हणाल तर तो मुख्याध्यापकांच्या भाषणात आहे. वेश्येच्या मुलाला शाळेतून काढू नका, असं ते संचालकांना पाट्यांमागून पाट्या भरून समजावतात, आणि तेवढा भाग मला जड वाटतो. पण ती भूमिका घेऊन ते राजीनामा देतात, हे त्या काळी पडद्यावर दाखवणं मला फार मोलाचं वाटतं.

बाकी सगळं आईचं काम करणाऱ्या रुआन लिंगयू यांच्या चेहऱ्यावर आहे. गिऱ्हाइकासमोर सिगारेट ओढणारी ती बाई घरी येऊन पाळण्यावर वाकते, तेव्हा खांद्यांची ठेवणसुद्धा बदललेली असते.

हा आवडला तर त्साय चुशेंग यांचा 'शिन न्यूशिंग', म्हणजे 'नवी स्त्री', बघा. आय श्या या अभिनेत्रीने १९३४मध्ये आत्महत्या केली होती, त्यावर तो बेतलेला आहे. बाईच्या खासगी आयुष्याचे धिंडवडे काढणाऱ्या वर्तमानपत्रांवर त्यात थेट बोट ठेवलंय. पत्रकार चिडले, काटछाट करावी लागली. त्यातली नायिकाही रुआनच. त्यांच्याही घरातल्या भानगडी तेव्हा छापून येत होत्या. ८ मार्च १९३५ रोजी, वयाच्या चोविसाव्या वर्षी, त्यांनीही जीव दिला.

म्हणून आधी 'शन्न्यू'च बघा. त्याच्या शेवटी कोठडीच्या भिंतीवर त्या आईला आपल्या मुलाचा हसरा चेहरा दिसतो.