वडिलांच्या दहाव्याला भावाला तळोज्याहून आणता येईल का?

प्रश्न : आम्ही कळव्याला राहतो. धाकटा भाऊ दीड वर्षापासून तळोजा कारागृहात आहे, केस ठाणे सत्र न्यायालयात चालू आहे. रविवारी वडील गेले. ते रिक्षा चालवायचे. पॅरोलसाठी दोन दिवस जेलवर खेपा घातल्या, अर्जच घेत नाहीत. आई म्हणते, निदान दहाव्याला तरी त्याला आणा. काय करू?

उत्तर : ताई, तुमच्या दुःखात सहभागी आहे. पण आधी जेलच्या खेपा थांबवा. पॅरोल, म्हणजे अभिवचन रजा, शिक्षा झालेल्या कैद्याला मिळते. महाराष्ट्रात तिचे १९५९ चे नियम आहेत, आणि आईवडिलांचा मृत्यू हे त्यात तातडीच्या रजेचं कारण धरलं आहे. तुमचा भाऊ अजून कच्चा कैदी आहे, म्हणजे त्याचा खटला संपलेला नाही. त्याला सोडायचं की नाही हे कोर्ट ठरवतं, कारागृह अधीक्षक नाही. हे त्या दारावर कुणीतरी पहिल्याच दिवशी तुम्हाला सांगायला हवं होतं.

म्हणून ज्या कोर्टात केस आहे तिथेच तात्पुरत्या जामिनाचा अर्ज करा. आज गुरुवार, पाचवा दिवस. मंगळवारी दहावा, शुक्रवारी तेरावा. सोमवारपासून पुढच्या शनिवारपर्यंतची मुदत मागा. पर्यायी विनंती म्हणून पोलीस बंदोबस्तात काही तास तरी घरी नेण्याची परवानगी त्याच अर्जात मागा. बंदोबस्ताचा खर्च घरच्यांवर टाकला जाऊ शकतो. म्हणून वडील रिक्षा चालवत होते, घरात दुसरं कमावतं कोण आहे, हे स्पष्ट लिहून खर्च माफ करण्याची विनंती करा.

सगळी मेहनत कागदांवर घ्या. माझ्या एका अशिलाच्या अर्जाला स्मशानभूमीच्या पावतीची झेरॉक्स जोडली होती, तिच्यावरचं नाव पुसट. पोलिसांचा से, म्हणजे अर्जावरचं लेखी म्हणणं, आला, 'मृत्यूची खातरजमा होत नाही.' खातरजमा होईपर्यंत दहावा उलटून गेला. तुम्ही पावतीची स्वच्छ प्रत घ्या. महापालिकेचा दाखला हाती नसेल तर डॉक्टरांचं मृत्यूच्या कारणाचं प्रमाणपत्र जोडा. नातं दाखवायला रेशनकार्ड, विधीची तारीख दाखवायला शोकपत्रिका, आणि आईचं प्रतिज्ञापत्र. भाऊ कुठे राहील तो पत्ता आणि कुणाचा फोन लागेल ते लिहा. फिर्यादी त्याच आळीत राहत असेल तर पत्ता दुसऱ्या नातेवाइकांचा द्या, नाहीतर सरकारी वकिलांची पहिली हरकत तीच येईल. सरकारी वकिलांना प्रत लगेच द्या आणि से त्याच दिवशी मागवण्याची विनंती करा.

जामीनदाराची कागदपत्रं तपासण्यात दिवस जातात, म्हणून रोख जामिनाची परवानगी आत्ताच मागून ठेवा. आदेश झाला की घरातलं कुणीतरी त्याच्या मागे तळोज्यापर्यंत जाऊ दे. संध्याकाळची बंदी, म्हणजे कैद्यांना बराकीत कोंडणं, झाल्यावर कागद पोचला, तर ती रात्र भावाची आतच जाते.

अर्ज फेटाळला तर आदेशाची प्रत घेऊन त्याच दिवशी उच्च न्यायालयाची तयारी करा. एल्गार परिषद प्रकरणात त्या वेळी तळोज्यातच असलेले वकील सुरेंद्र गडलिंग यांची आई २०२० मध्ये गेली. विशेष न्यायालयाने तेव्हा जामीन नाकारला, उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये वर्षश्राद्धासाठी दिला. त्याच प्रकरणातले महेश राऊत यांना आजीच्या विधींसाठी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोन आठवडे दिले. दोघांवरचे आरोप यूएपीएसारख्या कडक दहशतवादविरोधी कायद्याखालचे. तुमच्या वकिलांना युक्तिवादात ही उदाहरणं सांगू द्या.

वकिलांची फी हा प्रश्न असेल तर ठाणे जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. १९८७ च्या कायद्याच्या कलम १२ नुसार कोठडीत असलेल्या माणसाला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट लागत नाही.

भावाला एक गोष्ट मात्र बजावून सांगा. मुदत संपायच्या आत, शक्य तर दुपारीच, जेलच्या दारात हजर व्हायचं. उशीर झाला तर नवा गुन्हा लागू शकतो, आणि पुढे नियमित जामीन मागताना ही एक नोंद त्याला नडेल.

उद्या सकाळी अकराच्या आत अर्ज टेबलावर पडला पाहिजे. प्रतिज्ञापत्रासाठी आईंना आधारकार्डासह सोबत घेऊन जा.