कॉपरगेट म्हणजे 'तांबे दरवाजा' का? यॉर्कच्या गल्ल्यांमधल्या 'गेट'बद्दल

एका ताईंनी विचारलंय: त्या इंग्लंडमधल्या उत्खननांवरच्या एका लेखाचा अनुवाद करतायत, त्यात यॉर्क शहरातलं कॉपरगेट सारखं येतं, त्यांनी आधी 'तांबे दरवाजा' असं लिहिलं आणि मग शंका आली. तर हे बरोबर आहे का, तो दरवाजा अजून उभा आहे का, आणि हा 'गेट' व संस्कृत 'गति' एकाच घरातले का, असे तीन प्रश्न आहेत.

पहिल्या दोन्हींचं उत्तर एकच. तिथे दरवाजा कधी नव्हताच, आणि नावात तांबंही नाहीये. यॉर्कमधलं 'गेट' म्हणजे रस्ता, गल्ली, आळी. हा शब्द इंग्रजीचा मूळचा नाही, तो व्हायकिंग लोकांबरोबर आला. ८६६ साली त्यांनी यॉर्क घेतलं आणि ९५४ पर्यंत, मधे खंड पडत का होईना, तिथे त्यांचे राजे होते. त्यांच्या जुन्या नॉर्स भाषेत रस्त्याला 'गाता' म्हणायचे, आजही स्वीडिशमध्ये रस्ता म्हणजे 'गाता'च आहे आणि जर्मनमधलं 'गासं' म्हणजे बोळ हेही त्याच कुळातलं. इंग्रजीत चालण्याच्या ढबीला 'गेट' म्हणतात ना, ज्याचं स्पेलिंग वेगळं (gait) असतं, तो पण हाच शब्द, वाट किंवा चालणं या अर्थाने उरलेला.

आता कॉपर. जुन्या नॉर्समध्ये 'कोप्पारी' म्हणजे लाकडाचे पेले-वाडगे बनवणारा, आपल्याकडचा कातारी. त्यामुळे कॉपरगेट म्हणजे कातारी आळी. पुण्यात तांबट आळी आहे, सावंतवाडीत चितारआळी आहे, अगदी त्याच पद्धतीचं नाव. (तांबट आळीमुळे 'तांबे' हा अंदाज आणखी खरा वाटू शकतो, हे मला पटतं, पण तो अंदाज फक्त आजच्या इंग्रजी स्पेलिंगवरून येतो.)

आणि इथेच मला हा शब्द इतका आवडतो, कारण याचा पुरावा जमिनीतून निघालाय. नावाची व्युत्पत्ती सांगणारे पुष्कळ असतात, पण ती खणून तपासता येण्याची संधी फार क्वचित मिळते. कॉपरगेटला क्रेव्हन्सचा गोळ्या-मिठाईचा जुना कारखाना होता, तो पाडल्यावर यॉर्क आर्किऑलॉजिकल ट्रस्टने १९७६ ते १९८१ अशी तिथे खणाई केली, रिचर्ड हॉल यांच्या देखरेखीखाली. ऊझ आणि फॉस या दोन नद्यांच्या मधली ही जागा, त्यामुळे खालचे थर कायम ओले, त्यांच्यात हवा शिरत नाही, म्हणून जे एरवी कुजून गेलं असतं ते लाकूड, चामडं, कापड, बिया, किड्यांचे पंखसुद्धा हजार वर्षं टिकले. जवळपास ४०,००० वस्तू निघाल्या. चामड्याचे बूट निघाले, एकाच सुईने विणलेला लोकरीचा मोजा निघाला, रेशमी टोपी निघाली, आणि लाकडी वाडगे तर निघालेच.

पण वाडगे काय, घराघरात असतात, वापरून फेकून दिलेला वाडगा सापडला म्हणून तिथे वाडगे बनत होते असं सिद्ध होत नाही. खरा पुरावा कचऱ्यात होता. त्या काळचा लेथ पायाने चालायचा, वर लवचीक काठी, खाली पायटा, दोघांमधली दोरी लाकडाच्या ठोकळ्याभोवती गुंडाळलेली, पाय दाबला की ठोकळा एका बाजूला फिरतो आणि सोडला की काठी त्याला परत उलटा फिरवते. ठोकळा दोन टोकांना धरलेला असल्यामुळे वाडगा आतून पोकळ करताना मधोमध लाकडाचा एक शंकू उरतोच, तो शेवटी मोडून फेकून द्यायचा. असे शंकू कॉपरगेटच्या थरांमध्ये भरपूर मिळाले, त्यांच्यावर हत्याराच्या गोल गोल रेघा स्पष्ट दिसतात. शंकू कोणी विकत घेऊन घरी नेत नाही, तो जिथे काम चालतं तिथेच पडतो. म्हणजे १० व्या शतकात त्या गल्लीत कातारी खरंच बसत होते, आणि गल्लीचं नाव आजतागायत त्यांचं आहे.

पूर्ण चित्र द्यायचं तर हेही सांगायला पाहिजे की तिथे धातूकामही व्हायचं, मुशी सापडल्यात, त्यात चांदी-शिसं आणि हो, तांब्याचे मिश्रधातूही वितळवले जायचे. म्हणून कोणी म्हणेल की मग 'तांबे' का नाही. तर शब्द नॉर्स 'कोप्पारी'पासून आलाय असं बहुतेक अभ्यासक मानतात, आणि शेजारची नावं बघितली तरी तोच साचा दिसतो, आधी कारागीर, माणूस, जागा किंवा वर्णन आणि मग 'गेट'. स्केल्डरगेट म्हणजे ढाली बनवणाऱ्यांची गल्ली, गुडरमगेट म्हणजे गुथ्रुम नावाच्या कोणाची तरी, फीझगेट म्हणजे गोठ्याची गल्ली, आणि मिकलगेट म्हणजे नुसतं मोठा रस्ता. आणखी एक गोष्ट, साधारण ९३० च्या सुमाराला कॉपरगेटवर लांबट-अरुंद असे चार भूखंड आखले गेले, कुडाच्या कुंपणांनी, आणि त्या हद्दी पुढे शतकानुशतकं तशाच राहिल्या, वरची घरं बदलली, मालक बदलले, हद्द बदलली नाही. जिथे हद्दी इतक्या चिवट तिथे गल्लीचं नावही टिकलं याचं मला तरी नवल वाटत नाही.

बरं, मग यॉर्कच्या तटबंदीला जे खरेखुरे दरवाजे आहेत त्यांना काय म्हणतात? त्यांना 'बार' म्हणतात! बूदम बार, मंक बार, वॉल्मगेट बार, मिकलगेट बार. हा 'बार' फ्रेंचमधून आलेला, अडसर या अर्थाचा. मिकलगेट बार हे नाव गूगलच्या भाषांतरावर सोडलं तर काय होईल बघा, खरा अर्थ आहे 'मोठ्या रस्त्याची वेस'. हीच ती वेस जिच्यावर १४६० मध्ये यॉर्कच्या ड्यूक रिचर्डचं मुंडकं लावलं होतं.

मात्र यॉर्कवरून शिकलेलं सगळ्या इंग्लंडला लावू नका, इथे अनुवाद करणारे हमखास अडकतात. लंडनमधलं ऑल्डगेट, बिशप्सगेट, लडगेट, न्यूगेट यांच्यातलं 'गेट' म्हणजे खरोखरचा दरवाजा, शहराच्या भिंतीतला. तो जुना इंग्रजी 'यात' शब्द, सुरुवातीला य चा उच्चार, म्हणूनच येट्स हे आडनाव आलंय, म्हणजे वेशीपाशी राहणारे. रॅम्सगेट या समुद्रकाठच्या गावात तर तो कड्यामधली खिंड या अर्थाने आहे. पुढे दोन्ही शब्दांचं स्पेलिंग एकच झालं आणि घोळ झाला. मोटामोटी असं धरा की जिथे डेन लोकांचं (म्हणजे व्हायकिंगांचंच) राज्य होतं, म्हणजे यॉर्क, लिंकन, लेस्टर, नॉटिंगहॅम, तिथे गल्लीच्या नावात 'गेट' आलं की आधी रस्ता समजा (नॉटिंगहॅमचं ब्रायडलस्मिथ गेट म्हणजे लगाम बनवणाऱ्यांची गल्ली), आणि दक्षिणेत आधी दरवाजा समजा, मग नकाशावर तटबंदी कुठे होती ते बघून खात्री करा. दक्षिणेतल्या विंचेस्टरला जा, तिथे १२ व्या शतकातल्या नोंदींमध्ये कातडी कमावणाऱ्यांची 'टॅनर स्ट्रेट' (म्हणजे स्ट्रीट) आहे, तिथे गेट नाही, आणि पुरातत्त्वज्ञ मार्टिन बिडल यांनी १९६० च्या दशकात खणाई केली ती याच रस्त्याच्या, म्हणजे आजच्या लोअर ब्रूक स्ट्रीटच्या, काठावर. व्यवसायावरून गल्लीला नाव देण्याची पद्धत दोन्हीकडे सारखी, फक्त 'रस्ता' हा शब्द वेगळा.

अजून एक सावधगिरी. नावात 'गेट' दिसलं की लगेच 'व्हायकिंग काळातली गल्ली' असं लिहू नका. यॉर्कमध्येच कॅसलगेट आहे, किल्ल्याकडे जाणारा रस्ता, आणि किल्ला बांधला इंग्लंड जिंकणाऱ्या नॉर्मन राजा विल्यमने १०६८ मध्ये, शेवटचा व्हायकिंग राजा गेल्यावर शंभराहून जास्त वर्षांनी. म्हणजे तोवर 'गेट' हा उत्तरेतल्या इंग्रजीचा स्वतःचा शब्द झाला होता आणि लोक त्याने नवीन नावं पाडत होते. रस्त्याचं वय नावावरून ठरत नाही, ते खालच्या थरांवरूनच ठरवावं लागतं.

'गति'चं म्हणाल तर नाही. अर्थ जवळचा आहे, आवाजही जवळचा, म्हणून मोह होतो, पण ध्वनींचे नियम जुळत नाहीत. संस्कृत 'गम्' धातूचा इंग्रजीतला सख्खा नातेवाईक 'कम' म्हणजे येणे हा आहे. नॉर्स 'गाता'चं मूळ नक्की सांगता येत नाही, पण 'गम्'मधून तो येत नाही एवढं निश्चित.

तर ताई, माझं मत असं की विशेषनाम म्हणून 'कॉपरगेट' तसंच ठेवा, पहिल्यांदा येईल तिथे 'कॉपरगेट, म्हणजे कातारी आळी' एवढं लिहा, आणि 'बार'ला सरळ 'वेस' म्हणा, हा आपला शब्द तिथे चपखल बसतो. लेखात याच खणाईच्या जागेवर १९८४ मध्ये उघडलेल्या संग्रहालयाचं नाव आलं तर ते 'जॉर्विक' न लिहिता 'योर्विक' लिहा, हे यॉर्कचं व्हायकिंग काळातलं नाव, नॉर्समध्ये त्या अक्षराचा उच्चार य असाच होता आणि आजही तिथले लोक तसंच म्हणतात. तसं लिहिलं की योर्विकचं यॉर्क कसं झालं ते वाचणाऱ्याला वेगळं सांगावं लागणार नाही.