मूळ दस्त आधी वाच

चि. मुली,

सप्रेम आशीर्वाद.

तुझं पत्र आलं. सॉलिसिटरच्या हाताखालच्या उमेदवारीची, म्हणजे आर्टिकलशिपची, तीन वर्षं झाली, सॉलिसिटरच्या परीक्षेत कन्व्हेयन्सिंगच्या, म्हणजे मिळकतीचे दस्त करण्याच्या, पेपरात पुन्हा अडकलीस, कॉलेजातल्या मैत्रिणी सनद घेऊन कोर्टात उभ्या राहायला लागल्या आणि तुला एका मोठ्या फर्मची नोकरी चालून आली आहे. त्यात तू विचारतेस, “सर, आता या परीक्षेला कायद्यात तरी काही अर्थ उरलाय का?”

कायद्याचं म्हणशील तर तुझं बरोबर आहे. १९६१ चा ॲडव्होकेट्स ॲक्ट आला तरी मुंबई उच्च न्यायालयाच्या ओरिजिनल साइडवर, म्हणजे जिथे दावे थेट दाखल होतात तिथे, जुनी विभागणी शाबूत होती. अशील सॉलिसिटरकडे यायचा, कागद सॉलिसिटर तयार करायचा आणि कोर्टात बाजू ॲडव्होकेट मांडायचा. १९७६ च्या दुरुस्तीने ॲटर्नींचा, म्हणजे सॉलिसिटरांचा, वेगळा वर्ग संपला. आज कायद्याच्या लेखी वकिलांचा एकच वर्ग आहे. त्याला सनद लागते आणि बार कौन्सिलची ऑल इंडिया बार एक्झाम पास व्हावी लागते. ती परीक्षा घेण्याचा कौन्सिलचा अधिकार सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २०२३ मध्ये मान्यही केला. बॉम्बे इन्कॉर्पोरेटेड लॉ सोसायटीच्या या सॉलिसिटर परीक्षेला न बसताही तू उद्या खरेदीखत करू शकतेस. कोणी अडवणार नाही.

तरीही सोडू नकोस म्हणतो, आणि ते नावापुढे सॉलिसिटर लागावं म्हणून नव्हे. आर्टिकलशिप आणि ही परीक्षा मिळून माणसाला एक सवय लावतात. मूळ दस्त स्वतः वाचायचा. दुसऱ्याने काढलेला सारांश नाही, क्लार्कने आणलेला गोषवारा नाही. मूळ दस्त.

तुझ्या पत्रात पानोपानी नोट्स आहेत. कोणाच्या चांगल्या, कोणत्या प्रश्नांची उत्तरं तयार मिळतात, कुठला विषय ‘येतोच’. एकाही दस्ताचं नाव नाही. खरं सांगतो, राग आला मला. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ तू पाठ केलं असशील: दावा चालू असताना मिळकत घेतली तर घेणारा दाव्याच्या निकालाने बांधला जातो. आपल्याकडच्या राज्य दुरुस्तीप्रमाणे त्यासाठी दाव्याची नोटीस रजिस्टर झालेली असावी लागते. दुरुस्तीचा मूळ मजकूर डोळ्यांखालून गेला असेल, तर सब-रजिस्ट्रारकडच्या सर्चमध्ये, म्हणजे जुन्या नोंदी तपासताना, नेमकं काय शोधायचं हे तुला कोणी सांगावं लागत नाही. नुसतं पाठ करणारा पेपरात कलमाचा आकडा लिहितो आणि पुढे त्याला सुचत नाही. तू तिथेच अडकतेस.

एक प्रकरण सांगतो. उपनगरातला प्लॉट, व्यवहार ठरलेला, आधीच्या वकिलांचा सर्च रिपोर्ट फाईलला लावलेला आणि सगळं निर्वेध असल्याचा त्यात निर्वाळा. तो रिपोर्ट इंडेक्स टूच्या, म्हणजे नोंदणी कार्यालयातल्या दस्तांच्या सूचीच्या, उताऱ्यांवर बेतलेला होता. इंडेक्स टूमध्ये पक्षकार, मोबदला, तारीख आणि मिळकतीचं वर्णन मिळतं. दस्तातल्या अटी त्यात नसतात. लग्नपत्रिका वाचून संसार कसा चाललाय ते कळत नाही. मी जुन्या खरेदीखताची सर्टिफाइड कॉपी मागवली. अशील वैतागला, ब्रोकर तर रोज फोन करायचा. कॉपी आली ती फिकट टाइपातली, शिक्क्याखाली दोन ओळी झाकलेल्या. शेवटच्या परिशिष्टात, चतुःसीमेनंतर, एक वाक्य होतं: मागच्या प्लॉटच्या मालकाला या जमिनीतून १२ फुटी रस्त्याचा कायमचा हक्क राखून ठेवलेला. आमचा अशील नेमका त्याच पट्ट्यावर बांधणार होता. मग रिक्विझिशन्स, म्हणजे विकणाऱ्याला मालकीबद्दलचे लेखी प्रश्न, गेली, किंमत कमी झाली, नकाशा बदलला. व्यवहार झाला तो सगळं उघड झाल्यावर.

माझ्या बरोबरचे पुष्कळजण कोर्टात नाव काढून बसले. मला लोक अजून ऐकवतात की जुनाट कागद चिवडण्यात याने आयुष्य घालवलं. घालवलं, आणि मला ते योग्यच वाटतं. ज्या घराच्या टायटलवर, म्हणजे मालकीच्या निर्वाळ्यावर, माझी सही आहे, तिथे राहणाऱ्या माणसाला मी कोण हे ठाऊकही नसेल. त्याने निर्धास्त झोपावं यासाठी मी तासन्तास परिशिष्टं वाचली आहेत. हे काम लहान आहे असं मला कोणी पटवू शकलेलं नाही, तूही पटवू नकोस.

खंत आहे ती वेगळीच. माझे सीनियर मसुद्याच्या समासात लाल शाईने लिहायचे. ‘हे कोणत्या दस्तावरून?’ एवढाच प्रश्न. ऑफिस बंद झालं तेव्हा मी परगावी होतो, आणि ते सगळे मसुदे रद्दीत गेले. आज एक जरी हाती असता तरी तुला पाठवला असता, कारण त्या प्रश्नापलीकडे मी तुला काही निराळं शिकवू शकत नाही.

नोकरीचं म्हणशील तर घे. घरी पैसे लागतात हे मला माहीत आहे, आणि उपाशी राहून शिका असं मी कोणाला सांगणार नाही. पण आधी त्यांना विचार, तिथे तुला मूळ कागद हाताळायला मिळतील की नुसते तयार नमुने भरायला लावतील. नमुनेच भरायचे असतील तर पगार कितीही असो, दोन वर्षांनी तू आजच्यापेक्षा कमी जाणती असशील. आणि नोकरी घेतलीस तरी परीक्षेचा अर्ज भर. सकाळी ऑफिसला जाण्याआधी एक दस्त वाचायचा: कोणी दिला, कोणाला, कोणत्या अधिकाराने, काय राखून. मग तो मिटून त्याच व्यवहाराचं खरेदीखत हाताने लिहायचं आणि मूळ दस्ताशी ताडायचं. नोट्स कपाटात ठेव.

शनिवारी दुपारी ये. तू ज्या फाईलवर काम करते आहेस तिच्यातल्या सगळ्यात जुन्या दस्ताची सर्टिफाइड कॉपी मागवून वाचून ये. मी प्रश्न परिशिष्टापासून विचारणार आहे.

तुझा,
सर