कोकणात राहून सामाजिक विषयांवर माहितीपट करत पोट भरता येतं का?

तुम्ही दापोलीचे, बँकेत नोकरीला. ती सोडून अवघड सामाजिक विषयांवर माहितीपट करत जगता येईल का, असं विचारलंय. नुसत्या माहितीपटांवर भागत नाही. माझं घर लग्नाची शूटिंग, होमस्टेवाल्यांचे व्हिडिओ आणि संस्थांच्या छोट्या फिल्म्सवर चालतं. मे महिन्यात लग्नं उरकायची, पावसात एडिटला बसायचं, गणपती झाले की स्वतःचं काम. नोकरी एवढ्यात सोडू नका.

पण पैशांपेक्षा मला दुसरी गोष्ट मोठी वाटते, आणि ती तुमच्या प्रश्नात नाही. फिल्म झाली की आपण पुढच्या विषयाकडे वळतो. ज्यांच्यावर ती केली ती माणसं मात्र त्याच वाडीत राहतात.

रायगडच्या किनाऱ्यावर मी वाळीत टाकलेल्या एका कुटुंबासोबत काम केलं. (हे लिहायला त्यांची हरकत नाही, ओळख पटेल असं काही लिहीत नाही.) जमिनीच्या वादात गावकीने लावलेला दंड भरायला त्यांनी नकार दिला होता. शिमग्यात पालखी घरोघर फिरत होती. या घरच्या बाईने अंगण सारवलं होतं, रांगोळी काढली होती, पाटावर ओटीचं ताट तयार होतं. ढोल शेजारच्या अंगणात वाजला आणि मग थेट पलीकडच्या घरी. मधलं घर गाळलं. ती ताट उचलून आत गेली. मी कॅमेरा पालखीमागच्या माणसांवर धरला. त्यांत तिचे दोन चुलत दीर होते, मान खाली घालून चाललेले. तिथून माझी फिल्म बदलली. वाईट गाव आणि बिचारं कुटुंब ही मांडणी मी सोडली. मनातून न पटलेली माणसंसुद्धा गावकीपुढे गप्प का बसतात, हे विचारायला लागलो. दिरांपैकी एकजण पुढे बोललाही, पण अंधार पडल्यावर, होडीत बसून.

सामाजिक बहिष्काराविरुद्ध महाराष्ट्राचा २०१६चा स्वतंत्र कायदा आहे, जुलै २०१७पासून लागू. ३ वर्षांपर्यंत कैद, १ लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. पीडिताची संमती आणि कोर्टाची परवानगी असेल तर तडजोडही होते. या कुटुंबाची झाली. घरात मुलीच्या लग्नाचं बघत होते. मला म्हणाले, "आता नको दाखवू रे. सगळे आमच्याशी बोलायला लागलेत." संमतीपत्रावर त्यांच्या सह्या होत्या, तरी मी फिल्म दाखवली नाही. आजही ती हार्ड डिस्कमध्येच आहे. वाईट वाटतं, पण तो निर्णय मी पुन्हा तसाच घेईन. तुमच्यावरही ही वेळ येईल, कारण आपल्याकडे वाडीत सगळे एकमेकांचे कोणीतरी लागतात.

या कामाला वेळ लागतो तो असा. माहितीपटकार आनंद पटवर्धनांचा 'जय भीम कॉम्रेड' १९९७च्या मुंबईतल्या रमाबाई नगरमधल्या पोलीस गोळीबारापासून सुरू झाला आणि २०११ला पूर्ण झाला, म्हणजे १४ वर्षं. त्यांच्या फिल्म्स दूरदर्शनवर दाखवाव्यात म्हणून ते कोर्टात गेले आणि जिंकले. ती चिकाटी डोळ्यांसमोर असू द्या.

बाकी व्यवहाराचं थोडक्यात. जाहीर प्रदर्शनाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं. महोत्सवांना केंद्राच्या माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून यातून सूट मिळू शकते, म्हणून पहिली फिल्म महोत्सवांनाच पाठवा. मुंबईचा मिफ हा आंतरराष्ट्रीय महोत्सव दोन वर्षांनी भरतो, केरळचा माहितीपट महोत्सवही चांगला आहे. रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जुळणी, मात्र सगळ्यांच्या आधी त्या माणसांना, त्यांच्याच ओटीवर बसून दाखवा. कोण कुठे अस्वस्थ होतं ते बघा आणि तिथे थांबून विचारा.

आणि सगळे पैसे कॅमेऱ्यात घालू नका. आधी चांगला कॉलर माईक घ्या, वाऱ्यासाठी केसाळ कव्हरसकट. तुमच्याच हर्णै बंदरावर संध्याकाळी मासळीचा लिलाव चालू असताना एखाद्या मावशीला बोलतं करून बघा. साध्या माईकवर तिचा एक शब्दही धड येणार नाही.