रायण्णांवर लिहिण्यापूर्वी
कित्तूर संस्थानच्या राणी चन्नम्मांचे इंग्रजांशी लढलेले सेनानी संगोळ्ळी रायण्णा यांच्यावर पहिलाच लेख लिहिताना आधी घटनाक्रम पक्का करावा: ऑक्टोबर १८२४ मध्ये कित्तूरला इंग्रज कलेक्टर थॅकरे मारला गेला, डिसेंबरात किल्ला पडला, राणी चन्नम्मा १८२९ मध्ये बैलहोंगलच्या कैदेत वारल्या आणि १८३१ मध्ये रायण्णांना नंदगडला (आजच्या बेळगाव जिल्ह्यातील खानापूर तालुक्यात) फाशी झाली. कंपनी सरकारच्या लेखी ते बंडखोर, तर कन्नड लोकगीतांत वीर. पण कागद सरकारी म्हणून खरा आणि गाणे लोकांचे म्हणून खोटे असे धरू नये, कारण फाशी देणाऱ्यालाही आपली बाजू सजवायची असतेच. खानापूर तालुक्यात ऐकलेली आठवण, मराठी असो वा कन्नड, सांगणाऱ्याच्याच शब्दांत टिपावी. सीमावादाच्या भरात (आपल्याकडे तो लगेच पेटतो) तिला सोयीचे वळण देऊ नये.